लिस्बन कमी पैशांत : चढ लिफ्टने, उतार पायी

लिस्बनमध्ये नवख्या माणसाचं बजेट बहुतेक वेळा पहिल्याच सकाळी कोलमडतं. बायशा या सपाट मध्यवस्तीतून किल्ला अगदी डोक्यावर दिसतो, माणूस चालायला लागतो, वीस मिनिटांत पोटऱ्या भरून येतात आणि समोर टुकटुक उभी असते. टुकटुक म्हणजे आपली रिक्षाच, पण भाडं पर्यटकांचं. एका फेरीत दिवसभराच्या जेवणाचे पैसे जातात. हे शहर टेकड्यांवर वसलंय. इथे अंतरापेक्षा उंचीचा हिशेब आधी करावा लागतो. वर जाताना यंत्राची मदत घ्यायची आणि खाली येताना पायी यायचं, एवढं पाळलं तर गुडघे वाचतात आणि पैसेही. बघण्यासारखं पुष्कळसं रस्त्यावर आणि फुकट आहे.

खाली तीन दिवसांचा आराखडा दिलाय. भाव युरोत आहेत आणि ते दरवर्षी थोडे वाढतात, त्यामुळे निघण्याआधी ताजे आकडे पाहून घ्या.

निघण्यापूर्वी

पोर्तुगाल शेंगेन क्षेत्रात, म्हणजे एकाच व्हिसावर फिरता येणाऱ्या युरोपीय देशांच्या गटात आहे. प्रौढांची व्हिसा फी ९० युरो, ६ ते ११ वर्षांच्या मुलांची ४५. प्रवास विमा किमान ३०,००० युरोंचा लागतो. अर्ज प्रवासाच्या सहा महिने आधीपासून करता येतो. तिकीट आणि मुक्काम स्वस्तात मिळवायचा असेल तर अर्ज शेवटच्या महिन्यावर ढकलू नका.

जून ते सप्टेंबर महाग. त्यातही १२ आणि १३ जूनला सांत आंतोनचा उत्सव असतो, तेव्हा खाटही मिळणं कठीण. (गोव्यात ज्या सांत आंतोनचं फेस्त होतं तोच हा संत. त्याचा जन्म लिस्बनचा, पादुआ ही त्याची नंतरची ओळख.) नोव्हेंबर ते मार्च सगळ्यांत स्वस्त, पण पाऊस असतो आणि जुन्या घरांमध्ये हीटर असेलच असं नाही. बाहेर १२ अंश असतात, पण दमट खोलीत ते जास्त बोचतात. स्वस्त खोली घेताना हीटर आहे का, हे विचारून घ्या. आमची पसंती मार्चच्या शेवटाला किंवा ऑक्टोबरच्या शेवटाला.

मुक्कामासाठी मेट्रोच्या हिरव्या मार्गावरची इंतेंदेंत, आंजुश, आरोयुश आणि आलामेदा ही स्थानकं बघा. मध्यवस्ती पाच-दहा मिनिटांवर, भाग बराचसा सपाट आणि दर बायशा आणि शेजारच्या टेकडीवरच्या शियादूपेक्षा कमी. हॉस्टेलमधली खाट ऑफ सीझनला साधारण २० ते ३५ युरोंत मिळते. बाइरू आल्तू ही वस्ती नकाशावर सोयीची दिसते, पण तिथे मध्यरात्रीनंतरही रस्ते जागे असतात, झोप होत नाही. आल्फामा या किल्ल्याखालच्या जुन्या वस्तीतली खोली फोटोत सुंदर असते. प्रत्यक्षात टॅक्सी दारापर्यंत येत नाही, बॅग पायऱ्यांवरून उचलून न्यावी लागते आणि इमारतीला लिफ्ट नसते. एक खर्च बुकिंगच्या रकमेत बऱ्याचदा दिसत नाही, तो म्हणजे शहराचा पर्यटक कर. १३ वर्षांवरील प्रत्येकाला दर रात्री ४ युरो, जास्तीत जास्त सात रात्री. दोघांच्या चार रात्रींचे ३२ युरो वेगळे काढून ठेवा.

बूट रबरी तळाचे, पकड असलेले हवेत. लिस्बनचे फुटपाथ चुनखडी आणि बेसाल्टच्या छोट्या घडवलेल्या दगडांचे आहेत, पांढऱ्यावर काळी नक्षी. शंभर वर्षांच्या पावलांनी ते गुळगुळीत झालेत, आणि पावसाची भुरभुर पडली की उतारावर साबण फासल्यासारखे होतात. सपाट तळाच्या चपला घालून आल्फामा उतरू नका.

विमानतळावर : एकच कार्ड, नीट भरलेलं

विमानतळ शहरातच आहे आणि मेट्रोचा लाल मार्ग तिथूनच सुरू होतो. मेट्रो सकाळी साडेसहा ते रात्री एकपर्यंत चालते. आलामेदाला उतरून हिरव्या मार्गावर बदललं की रोसियू, बायशा-शियादू आणि काइश दू सोद्रे ही सगळी मध्यवस्ती हाताशी येते. टॅक्सीची गरज फक्त रात्री एकनंतर उतरलात तर.

मेट्रोच्या यंत्रावर 'नावेगांत' नावाचं कागदी कार्ड ५० सेंटला मिळतं. प्रत्येक माणसाला स्वतःचं कार्ड लागतं. दोघांत एक चालत नाही, कारण त्या प्रवासाचं तिकीट आधीच्या माणसाच्या नावावर लागलेलं असतं. यंत्र भाषा विचारतं, इंग्रजी निवडा. मग कार्डात काय भरायचं ते ठरवा.

सुटं तिकीट दोन युरोंच्या थोडं आत. ते पहिल्यांदा कार्ड लावल्यापासून एक तास मेट्रो आणि शहर बसवर चालतं. 'झॅपिंग' म्हणजे कार्डात पैसे भरून ठेवायचे आणि प्रत्येक प्रवासाला कापले जातात. दर सुट्यापेक्षा थोडा कमी पडतो, शिवाय हेच पैसे नदीच्या बोटीवर आणि शहराच्या पश्चिमेकडच्या बेलें भागाकडे जाणाऱ्या लोकल गाडीवरही चालतात. तिसरा पर्याय २४ तासांच्या पासचा, सात युरोंच्या आसपास. तो फक्त मेट्रो, बस आणि ट्रामपुरता असतो.

बहुतेकांनी झॅपिंग घ्यावं. आमच्या आराखड्यात दिवसाला दोन-तीन प्रवासच होतात. पास वसूल व्हायला एका दिवसात किमान पाच लागतात. सुरुवातीला दहा युरो भरा. इथे एक चूक फार जण करतात. एकाच कार्डावर झॅपिंगची शिल्लक असताना त्यावर पास भरायला जातात आणि यंत्र नकार देतं. कार्डावर एका वेळी एकाच प्रकारचं तिकीट राहतं. पास हवाच असेल तर ५० सेंटचं दुसरं कार्ड घ्या आणि दोन्हींवर पेनाने खूण करा.

बसमध्ये चालकाकडे रोख तिकीट महाग पडतं. ट्राममध्ये तर तीन युरोंच्या वर, म्हणजे झॅपिंगच्या जवळपास दुप्पट. कार्ड आधीच भरलेलं असलं की हा प्रश्न येत नाही.

नावांबद्दल एक सूचना. पोर्तुगीजमध्ये शब्दाच्या शेवटचा 'स' बहुधा 'श' ऐकू येतो आणि शेवटचा 'ओ' बराचसा 'उ'कडे झुकतो. पाटीवर 'अंजोस' असं वाचाल, घोषणेत 'आंजुश' ऐकू येईल. हे ठाऊक नसलं की स्थानक निघून जातं.

पहिला दिवस : किल्ल्याची टेकडी, वरून खाली

बायशातल्या रुआ दुश फांकेइरुश या रस्त्यावर या. १ नोव्हेंबर १७५५ च्या सकाळी भूकंप झाला, मागोमाग नदीतून लाटा आल्या आणि आग लागली. मध्यवस्ती उद्ध्वस्त झाली. मार्केश द पोंबाल या राजाच्या मंत्र्याने ती काटकोनात आखून पुन्हा बांधली आणि बऱ्याच रस्त्यांना धंद्यांची नावं मिळाली: सोनारांचा, चांदीवाल्यांचा, चांभारांचा. फांकेइरुश म्हणजे कापडवाले. पुण्यातल्या तांबट आळीची सवय असलेल्या माणसाला हा नकाशा चटकन उमगतो.

याच रस्त्यावर १७० ते १७८ क्रमांकाच्या इमारतीत महापालिकेची फुकट लिफ्ट आहे. दर्शनी भाग साध्या घरासारखा आहे, म्हणून बहुतेक लोक पुढे निघून जातात. वरच्या मजल्याला ती तुम्हाला रुआ दा मादालेनावर सोडते. रस्ता ओलांडून डावीकडे वर चाला, शांव दू लोरेइरू या छोट्या चौकात सुपरमार्केट असलेली जुन्या मंडईची इमारत दिसेल. तिच्यातही फुकट लिफ्ट आहे, थेट वर कोश्ता दू काश्तेलू या रस्त्यापर्यंत. दोन लिफ्टमध्ये चढाचा मोठा भाग संपतो. सुपरमार्केटमध्ये पाणी आणि फळं घेऊन ठेवा. वरच्या दुकानांत तीच बाटली दुप्पट भावाला मिळते. लिफ्ट नादुरुस्त असेल तर प्रासा दा फिगेइरा चौकातून ७३७ क्रमांकाची छोटी बस किल्ल्यापर्यंत जाते.

किल्ल्याचं तिकीट पंधरा युरोंच्या पुढे आहे. आत तटबंदी आणि मोर आहेत, नजारा उत्तम आहे. पण तसेच नजारे दहा मिनिटांवर फुकट मिळतात, म्हणून तंग बजेटमध्ये तो सोडा. उताराला लागून पोर्ताश दू सोल आणि त्याला लागूनच सांता लुझिया या दोन मिरादोरुंवर या. मिरादोरू म्हणजे शहराने बांधून दिलेला सज्जा. सांता लुझियाच्या चर्चच्या बाहेरच्या भिंतीवर निळ्या-पांढऱ्या टाइल्सची दोन मोठी चित्रं आहेत. एकात ११४७ मधला किल्ल्यावरचा हल्ला, दुसऱ्यात भूकंपापूर्वीचा नदीकाठचा राजवाड्याचा चौक. जवळ जाऊन बघा. प्रत्येक टाइल हातभर नाही, वीतभरच आहे, आणि सांध्यांवर जहाजांच्या डोलकाठ्या एकमेकांना नेमक्या जुळतात. जे शहर १७५५ मध्ये गेलं ते इथे भिंतीवर बघता येतं, आणि नंतर त्याच चौकात जाऊन उभं राहता येतं.

आता आल्फामा उतरा. नकाशा बंद ठेवला तरी चालेल. प्रत्येक पायरी शेवटी नदीकडेच जाते. सकाळी अकराच्या आधी गेलात तर दोरीवर कपडे वाळत घालणारी माणसं भेटतात, नंतर गर्दी.

खाली आलात की नदीला समांतर पश्चिमेकडे चाला. हिऱ्याच्या टोकांसारखे दगड बसवलेलं घर दिसेल, ते काझा दुश बिकुश. १५२३ मध्ये ते ब्राश द आल्बुकेर्कने बांधलं. १५१० मध्ये गोवा जिंकणाऱ्या अफोन्सू द आल्बुकेर्कचा हा मुलगा. तळमजल्यावर रोमन काळापासूनचे उत्खननातले अवशेष फुकट बघता येतात. पुढे पाच मिनिटांवर प्रासा दू कोमेर्सियू, मघाशी टाइलवर पाहिलेला चौक. हिंदुस्थानच्या व्यापाराचा कारभार पाहणारी काझा दा इंदिया ही कचेरी याच नदीकाठी होती. भूकंपात ती गेली.

मंगळवार किंवा शनिवार असेल तर सकाळची सुरुवात बदला. मार्तिं मोनिश चौकातून ७३४ क्रमांकाच्या बसने ग्रासा टेकडीवर जा, सेन्योरा दू मोंत हा शहरातला उंच सज्जा बघा आणि उतरत सांता क्लाराच्या मैदानात जुना बाजार गाठा. तो फक्त याच दोन दिवशी भरतो.

दुसरा दिवस : शियादू आणि परत खाली

शियादूची टेकडी चढायचं गुपित मेट्रो स्थानकात आहे. बायशा-शियादू स्थानकाला दोन दारं आहेत: एक खाली रुआ दू क्रुसिफिशूवर, दुसरं वर लार्गू दू शियादूवर. मधले लांबलचक सरकते जिने तिकिटाच्या फाटकांच्या बाहेर आहेत. कार्ड न लावता खालून आत जायचं, जिने चढायचे आणि वर उन्हात बाहेर पडायचं. लोखंडी सांता जुश्ता लिफ्टसाठी रांग लावून सहा-सात युरो देण्याचं कारण उरत नाही. त्या लिफ्टच्या वरच्या टोकाजवळचा कार्मूचा गच्चीवजा सज्जाही मागच्या चौकातून फुकट गाठता येतो.

कार्मूच्या मठाचं छप्पर १७५५ ला कोसळलं. कमानी आजही आकाशाखाली उघड्या आहेत आणि बाहेरूनही दिसतात. तिथून चढत सांव रोक चर्चला जा. बाहेरून अगदी साधी भिंत, आत सोन्याचा मुलामा, आणि प्रवेश फुकट. डावीकडचं संत जॉन बाप्टिस्टचं चॅपल अठराव्या शतकात रोममध्ये बनवलं, मग सुटं करून जहाजाने आणून इथे पुन्हा जोडलं. त्यातली निळाई लापिस लाझुली या निळ्या मौल्यवान दगडाची आहे. चित्रं वाटतात ती मोझेक आहेत, बाजूने पाहिलं की तुकडे दिसतात.

पुढे सांव पेद्रू द आल्कांतारा हा सज्जा. काल उतरलेली टेकडी इथून अख्खी समोर दिसते. मग काल्सादा दू दूकच्या पायऱ्यांनी उतरून रोसियू चौकात या आणि शेजारच्या सांव दोमिंगुश चर्चमध्ये जा. १९५९ च्या आगीत हे जळलं. तडकलेले, काळवंडलेले खांब तसेच ठेवून वर फक्त नवं छप्पर घातलंय. इथे शांत बसा, फोटोची घाई करू नका. लोक प्रार्थनेला येतात.

पाऊस आला तर बायशातच दोन फुकट आसरे आहेत. पैशांचं संग्रहालय एका जुन्या चर्चमध्ये आहे, तिथे खरी सोन्याची वीट हाताने चाचपता येते. सोमवारी-मंगळवारी ते बंद. दुसरा, रुआ दुश कोरेइरुशवरच्या बँकेच्या तळघरात मासे खारवायचे रोमन हौद. ते वाटाड्यासोबतच बघता येतात आणि नाव आधी नोंदवावं लागतं.

तिसरा दिवस : बेलें, पण सोमवारी नको

सोमवारी जेरोनिमुश मठ बंद असतो. ही चूक अर्धा दिवस खाते.

बेलेंला सगळे १५ई ट्रामने जातात, म्हणून ती ठासून भरलेली असते आणि खिसेकापूही तीच धरतात. काइश दू सोद्रेहून लोकल गाडी आठेक मिनिटांत पोचते आणि झॅपिंगवर चालते. सगळ्या गाड्या बेलेंला थांबत नाहीत, पाटीवर थांबा बघूनच चढा. फाटकाला कार्ड चढतानाही लावा आणि उतरतानाही.

मठाबाहेर दोन रांगा असतात, ही गोष्ट ठाऊक नसल्याने लोक चुकतात. लांब रांग तिकीटवाल्या प्रांगणाची, १८ युरो. दुसरी चर्चची, तिथे तिकीट नाही. चर्चमध्ये शिरताच डावीकडे वास्को द गामाची कबर, उजवीकडे कवी कामोंइशची. हा मठ उभा राहिला तो मुख्यतः पूर्वेकडच्या आणि आफ्रिकेच्या व्यापारावर लावलेल्या पाच टक्के कराच्या पैशांवर. खांबांवर जहाजाचे दोरखंड, पोवळी, पानं कोरलीत. पूर्वेकडचा तो माल कुठून आला हे आपल्याला वेगळं सांगावं लागत नाही, आणि म्हणून हे दगड बघताना मन थोडं जड होतं.

तीन दिवसांत एकच तिकीट काढायचं असेल तर ते या मठाच्या दुमजली प्रांगणाचं काढा. बेलेंचा बुरूज बाहेरूनच सुंदर आहे. दर्यावर्दींच्या स्मारकासमोर जमिनीवर संगमरवरी दिशाचक्र आणि जगाचा नकाशा आहे, त्यावर चालायला पैसे लागत नाहीत. राष्ट्रपतींच्या निवासासमोरच्या बागेत उंच खांबावर अफोन्सू द आल्बुकेर्कचा पुतळा आहे. हापूस हे नाव याच अफोन्सूवरून आलं असं सांगतात.

जुन्या माहितीत 'रविवारी सरकारी संग्रहालयं फुकट' असं वाचाल. ती सवलत आता देशात राहणाऱ्यांसाठी आहे, पाहुण्यांना लागू नाही. मात्र नदीकाठच्या आल्कांतारा भागातलं पौर्वात्य संग्रहालय शुक्रवारी संध्याकाळी ६ ते ८ फुकट असतं आणि त्यात गोव्याकडचं लाकूडकाम, हस्तिदंती मूर्ती बघायला मिळतात. लिस्बोआ कार्ड हा पर्यटकांचा प्रवास आणि प्रवेशाचा पास (२४ तासांचा साधारण तीस युरो) एका दिवसात दोन-तीन तिकिटांची ठिकाणं करणाऱ्यालाच परवडतो.

जेवण : मराठीतले शब्द कामाला येतात

बटाटा, पाव, काजू, अननस, पपई हे शब्द पोर्तुगीजांकडूनच आपल्याकडे आले. मेनूत ते जवळपास तसेच दिसतील. कोबीचा मूळ शब्द 'कोव्ह'. फसवतो तो पेरू: 'पेरा' मागितलात तर नाशपती येईल. आणि बिल मागताना 'केरीया पगार, पुर फाव्होर' म्हणा. पगार म्हणजे पैसे चुकते करणं. आभार मानताना पुरुषांनी 'ओब्रिगादू', बायकांनी 'ओब्रिगादा'.

मुख्य जेवण दुपारी घ्या. ताश्का, म्हणजे घरगुती खाणावळ, कामाच्या दिवशी 'प्रातु दू दिया' देते: दिवसाची एक ताटभर डिश, साधारण ९ ते १२ युरो. दारावर हाताने लिहिलेला कागद चिकटवलेला असेल तर ते चांगलं लक्षण. फोटोंचा मेनू आणि बाहेर बोलावणारा माणूस दिसला की पुढे चाला. 'मेया दोझ' म्हणजे अर्धी प्लेट, एकाला पुरते.

बसताक्षणी टेबलावर पाव, ऑलिव्ह, चीज येतं. ते फुकट नाही, त्याला 'कुव्हेर' म्हणतात आणि खाल्लंत की प्रत्येक वस्तूचे पैसे लागतात. न मागता आलेलं आणि न खाल्लेलं बिलात लावायला कायद्याने मनाई आहे. हसून 'नांव, ओब्रिगादू' म्हणा, ते उचलून नेतात.

शाकाहारी लोकांनी 'सें कार्न, सें पेइश' म्हणजे मांस नको, मासे नकोत, असं दोन्ही सांगावं, कारण तिथे मासे मांसात धरत नाहीत. काल्दू व्हेर्द हे हिरवं सूप दिसायला निर्धोक, पण त्यात शोरिसू या डुकराच्या सॉसेजची चकती असते. गोव्यातला चोरीस तोच. 'सोपा द लेगुमश' हे भाज्यांचं सूप दोन-तीन युरोंत मिळतं. बेकरीत 'शामुसा' दिसेल, म्हणजे आपला समोसा, पण बहुधा आत खिमा. विचारूनच घ्या. पाश्तेल द नाता हा कस्टर्डचा छोटा गोड पदार्थ दीड युरोच्या आत मिळतो, त्यात अंड्याचा बलक असतो. कॉफीला 'बिका' म्हणा, एक युरोच्या आसपास, आणि ती काउंटरवर उभ्याने प्या. बाहेरच्या टेबलावर भाव वाढतो. वरण-भाताची आठवण आली तर मार्तिं मोनिशजवळच्या रुआ दू बेनफोर्मोझूवर बांगलादेशी, नेपाळी, भारतीय खाणावळी आणि किराणा दुकानं आहेत.

रात्री सुपरमार्केटचा पाव, चीज, टोमॅटो आणि दही. नळाचं पाणी पिण्यायोग्य आहे, बाटली भरून घ्या.

पैसे कुठे गळतात

एटीएम बँकेचंच वापरा, निळ्या 'मुल्तिबांकू' चिन्हाचं. पर्यटनस्थळी उभी असलेली भडक रंगांची खाजगी यंत्रं जास्त शुल्क लावतात. यंत्राने किंवा दुकानाने 'रुपयांत करू का?' विचारलं तर युरोच निवडा, नाहीतर वाईट दराने कापतात.

२८ई ही पिवळी ट्राम बघायची असेल तर सकाळी आठच्या आत, किंवा कांपू द ओउरीकच्या टोकाकडून चढा. मार्तिं मोनिशला तासभर रांग लागते. पिशवी पुढे घ्या, फोन मागच्या खिशात नको. २४ई ट्रामही त्याच जातीची जुनी, आणि बरीच मोकळी. रुआ आउगुश्तावर कानाशी कुजबुजून अमली पदार्थ विकायला येणारे भेटतील. त्यांच्याकडचा माल बहुधा नकली असतो. न थांबता चालत राहा.

खाट, कर, प्रवास आणि जेवण धरून माणशी दिवसाला ५० ते ६० युरोंत हे सगळं बसतं, मठाचं तिकीट वेगळं.

शेवटच्या संध्याकाळी झॅपिंगमध्ये तीन-चार युरो उरले असतील. काइश दू सोद्रेहून काशिल्याशला जाणारी बोट पकडा, दहा मिनिटांची फेरी आहे. सूर्यास्ताच्या अर्धा तास आधी निघा आणि परतीच्या बोटीत शहराकडच्या खिडकीशी बसा. किल्ला, आल्फामाच्या पायऱ्या, चौक हे सगळं एका ओळीत समोर येतं. परतीचे पैसे कार्डात उरलेत ना, तेवढं चढण्याआधी यंत्रावर पाहून घ्या.